चाळकेवाडीचा पंखगळ्या सरडा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

एप्रिल लागला की माझ्या फोनवर सरड्यांचे फोटो यायला सुरुवात होते. ठोसेघरच्या धबधब्याला तेव्हा पाणी नसतं, तरी माणसं तशीच पुढे चाळकेवाडीच्या सड्यावर, म्हणजे जांभ्याच्या उघड्या पठारावर जातात, पवनचक्कीच्या सावलीत गाडी लावतात आणि जांभ्याच्या दगडावर गळ्यातला निळा-केशरी पंखा उघडून बसलेला टीचभर प्राणी बघून चक्रावतात. मग तेच प्रश्न, आणि अंगठ्याने टाइप केलेली माझी तीच उत्तरं. यंदा कंटाळा आला, म्हणून सगळं एकदाच लिहून ठेवतोय. मी शास्त्रज्ञ नाही. साताऱ्यात राहतो, सुट्टीच्या दिवशी सड्यावर हिंडतो आणि सरड्यांबद्दल जे छापून येतं ते चिकाटीने वाचतो.

हा आमच्या कुंपणावर असतो तोच सरडा ना?

नाही. कुंपणावर बसून माना डोलावणारा तो बागेतला सरडा, कॅलोटेस. त्याला झाडझुडूप लागतं. विणीच्या दिवसांत नराचं डोकं आणि गळा लाल होतो, म्हणून तो रक्त पितो अशी समजूत आहे आणि त्यापायी बिचारा पिढ्यानपिढ्या पोरांचे दगड खात आला आहे. (लहानपणी मीही मारलेत. लपवण्यात अर्थ नाही.)

सड्यावरचा सरडा जमिनीवरचा. रंग मातीचा, पाठीवर तपकिरी चौकटींची नक्षी, हलला नाही तर पायाखाली येईपर्यंत दिसत नाही. पळायला लागला की पुढचे पाय उचलून मागच्या दोघांवरच धूम ठोकतो. आणि सगळ्यांत पक्की खूण म्हणजे मागच्या पायाला बोटं चारच. कॅलोटेसला पाच असतात. कुळ मात्र दोघांचं एकच, अगॅमिडी. गोव्यापासून केरळपर्यंतच्या जंगलात झाडावरून झाडावर तरंगत जाणारा उडता सरडाही याच कुळातला, म्हणजे चुलत घराण्यातलाच.

'शारदा सुपर्बा' हे कसलं नाव?

शारदा नव्हे, सरडा! 'सरडा सुपर्बा' हे चाळकेवाडीच्या या सरड्याचं शास्त्रीय नाव. रोमन लिपीत लिहिलेलं वाचताना ही गंमत होते. एका शिबिरात एक काकू मला म्हणाल्या होत्या, "किती छान, बाईचं नाव दिलंय." त्यांना खरं सांगितल्यावर त्या जरा हिरमुसल्या.

शास्त्रीय नावाचे दोन भाग असतात. पहिला आडनावासारखा, तो जीनसचा, म्हणजे जवळच्या जातींच्या गटाचा. दुसरा त्या जातीचा. २०१६ साली व्ही. दीपक, वरद गिरी, प्रवीण कारंथ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पंखगळ्या सरड्यांची नवी मांडणी केली, तेव्हा एक अख्खा नवा जीनस वेगळा काढावा लागला. त्याला नाव दिलं 'सरडा'. आपला घरातला मराठी शब्द, जसाच्या तसा. जगात कुठेही, कुठल्याही भाषेतल्या प्राणिशास्त्राच्या यादीत या प्राण्याचा उल्लेख आला की मराठी शब्द उच्चारावा लागतो. सुपर्बा म्हणजे लॅटिनमध्ये देखणा, दिमाखदार. ज्या नमुन्यांवरून या जातीचं वर्णन झालं ते चाळकेवाडीच्या सड्यावरचे, त्यामुळे या सरड्याचा कायमचा पत्ता सातारा जिल्हा असाच नोंदला गेला आहे.

तुम्ही कधी 'जात' म्हणता, कधी 'जीनस'. प्रजाती म्हणजे काय मग?

हा घोळ माझा नाही. मराठी विश्वकोशाच्या परिभाषेत जीनस म्हणजे प्रजाती आणि स्पीशीज म्हणजे जाती. वर्तमानपत्रं मात्र स्पीशीजलाच प्रजाती म्हणतात, त्यामुळे 'नवी प्रजाती सापडली' या मथळ्याखाली नेमकं काय सापडलं ते बातमी संपली तरी कळत नाही. या पानापुरतं मी स्पीशीजला जात म्हणतो आणि जीनसला जीनस. भांडायचं असेल तर चहाला या.

पूर्वीच्या पुस्तकात एकच जात दिलेली आहे. आता एवढ्या कुठून आल्या?

सरडे होते तिथेच होते, मोजणारे बदलले. ही गोष्ट मला सगळ्यांत जास्त आवडते, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

१८२९ मध्ये जॉर्ज क्यूव्हिए या फ्रेंच शास्त्रज्ञाने पाँडिचेरीकडच्या एका सरड्याला 'सिटाना पाँटिसेरिआना' असं नाव दिलं. पाँडिचेरीचा म्हणून पाँटिसेरिआना. पुढे १८७० मध्ये थॉमस जर्डनने दख्खनमधला एक मोठा, भडक पंख्याचा सरडा वेगळा म्हणून नोंदवला आणि त्याला 'डेक्कनेन्सिस' म्हटलं. जर्डन पेशाने डॉक्टर, पण पक्षी आणि सरपटणाऱ्या प्राण्यांत रमलेला माणूस. त्याची नजर बरोबर होती. तरी नंतरच्या अभ्यासकांनी त्याचं नाव बाजूला ठेवलं आणि भारतातले जवळजवळ सगळे पंखगळे सरडे पाँटिसेरिआना या एकाच नावाखाली कोंबले. पाँडिचेरीच्या वाळूतला आणि साताऱ्याच्या जांभ्यावरचा, दोघे एकच! नव्वदच्या दशकापर्यंत हौशी माणसाच्या हाती येणाऱ्या पुस्तकांत हेच छापलेलं असायचं.

असं का झालं, हेही समजून घ्यायला हवं. संग्रहालयात सरडा दारूच्या बरणीत जातो. महिन्या-दोन महिन्यांत त्याचा पंखा मिटतो, निळा उडतो, केशरी उडतो, उरतं ते राखाडी चामडं. मुंबईत किंवा लंडनमध्ये टेबलावर ओळीने मांडलेले असे राखाडी सरडे बघून कुणालाही ते सारखेच वाटणार. फरक जिवंत नराच्या गळ्यात होता आणि तो बघायला मे महिन्याच्या उन्हात सड्यावर पालथं पडावं लागतं.

२०१६ च्या कामात नेमकं हेच झालं. माणसं गावोगाव, माळोमाळ हिंडली. खवले मोजले, हाडांची रचना पाहिली, डीएनए तपासला. तेव्हा लक्षात आलं की मोठ्या रंगीत पंख्याचे दख्खनी सरडे ही वेगळीच शाखा आहे. तिला सरडा हा जीनस मिळाला. त्यात सुपर्बा आणि डार्विनाय या दोन नव्या जाती आल्या, आणि जर्डनचा डेक्कनेन्सिस जवळजवळ दीडशे वर्षांनी पुन्हा मानाने उभा राहिला. आता त्याच्या पुढे जर्डनचं नाव आणि १८७० हे साल कंसात छापतात. त्या कंसाचा अर्थ असा, की नाव त्याने दिलं पण तेव्हा जीनस दुसरा होता. मला तो कंस बघून दर वेळी बरं वाटतं.

सिटाना आणि सरडा यांत फरक काय?

पंखा बघा. सरडा जीनसच्या नरांचा पंखा मोठा असतो, गळ्यापासून मागे छातीपोटापर्यंत जातो आणि त्यात निळा, काळा, केशरी असे ठसठशीत रंग असतात. सिटानाच्या बऱ्याच जातींत तो लहान आणि पांढुरका असतो. काहींमध्ये मधलाच प्रकार, पांढऱ्यावर थोडी निळी-केशरी झाक. अंगलटीनेही सरडा थोराड. पण नुसत्या रंगावर जाऊन निकाल देऊ नका. अभ्यासक खवल्यांच्या रांगा मोजतात ते उगाच नाही.

एकूण जाती किती? नावं सांगा.

सरडा जीनसमध्ये तीन: सुपर्बा, डार्विनाय, डेक्कनेन्सिस. तिन्ही महाराष्ट्र आणि उत्तर कर्नाटकाच्या पट्ट्यातल्या. डार्विनाय हे नाव चार्ल्स डार्विनवरून आलं. त्याने १८७१ मध्येच या सरड्यांच्या नरांना मिळालेल्या निळ्या-काळ्या-लाल गळपिशवीचा दाखला दिला होता. मादीच्या पसंतीतून असे दागिने कसे घडतात हे त्याला दाखवायचं होतं.

सिटानामध्ये डझनाहून जास्त जाती आहेत, भारत, श्रीलंका आणि नेपाळमध्ये पसरलेल्या, आणि यादी अजून वाढते आहे. त्यांची नावं वाचताना देशाची सहल होते. 'विसिरी' हा तमिळ शब्द, अर्थ पंखा. 'थोंडालु' तेलुगूतून आलं, तिकडे सरड्याला तोंडा म्हणतात. 'मरुदमनेयदल' हे तर प्राचीन तमिळ संगम काव्यातल्या दोन भूमींचं नाव आहे: मरुदम म्हणजे शेतीचा प्रदेश, नेयदल म्हणजे समुद्रकिनारा. सरड्याच्या नावात दोन हजार वर्षांची कविता! केरळच्या किनाऱ्यावरच्या एकाला निसर्गपटांसाठी प्रसिद्ध असलेल्या डेव्हिड अ‍ॅटनबरो यांचं नाव मिळालं. धारवाडचा एक, आणि गोकाकचा एक, 'गोकाकेन्सिस', २०१८ साली वर्णन झालेला. मिरजेहून बेळगावला रेल्वेने जाताना गोकाक रोड स्टेशन लागतं. सांगलीकरांनी तिथे करदंट ही मिठाई घेताना एवढं आठवावं.

एकाच सड्यावर वेगळी जात तयार होते म्हणजे नक्की काय होतं?

सरड्याची धाव कुंपणापर्यंत, ही म्हण ज्याने केली त्याला जीवशास्त्राचं मर्म कळलं होतं. साताऱ्याचे सडे नकाशावर बघा. हजार-अकराशे मीटर उंचीवर जांभ्याचं सपाट, उघडं डोकं, आणि चारी बाजूंना कडे आणि दाट झाडीच्या दऱ्या. उघड्यावर, उन्हात, भुईवर राहणाऱ्या प्राण्याला ती दरी म्हणजे समुद्रच. कासचा सडा एक बेट, चाळकेवाडीचा दुसरं. घारीला यात काही वाटत नाही, पण टीचभर सरड्याला दरी ओलांडणं अवघड. दोन बाजूंच्या सरड्यांचा संबंध तुटला, हजारो पिढ्या तुटलेलाच राहिला, की इकडचे बदल इकडे साठतात आणि तिकडचे तिकडे. शेवटी दोघांची सोयरीक जमत नाही. तेव्हा जाती दोन झाल्या.

याचा व्यवहारातला अर्थ मोठा आहे. 'देशभर सापडणारा सरडा' असं लिहिलं की कुणी काळजी करत नाही. तोच प्राणी साताऱ्याच्या आसपासच्या मोजक्या सड्यांपुरता आहे असं कळलं, की एका सड्यावर घातलेला मुरूम किंवा पाडलेली खाण हिशोबात धरावी लागते.

तो पंखा नेमका आहे काय?

आटपाडी-जतकडच्या लोकांना पटकन कळेल: खिलार बैलाच्या गळ्याखाली लोंबते ती पोळी, तसंच हे. फक्त बैलाची पोळी कायम लोंबते, सरड्याची छत्रीसारखी मिटते. जिभेच्या मुळाशी असलेल्या हाडाची लांब दांडी पुढे ढकलली की कातडं ताणलं जातं आणि पंखा उघडतो. दांडी मागे घेतली की घडी गळ्याला चिकटते. एका सेकंदात दोन-तीनदा उघडमीट करताना मी पाहिलं आहे.

केशरी आणि काळा हे रंगद्रव्याचे. निळा तसा नाही. कातडीतल्या अतिसूक्ष्म स्फटिकांवरून प्रकाश परतताना निळा दिसतो, मोरपिसाच्या चमकेशी नातं सांगणारा प्रकार. म्हणून कॅमेरा जरा हलवला की तोच निळा कधी जांभळट, कधी हिरवट येतो. फोटो खराब आला म्हणून चिडू नका.

पंखा फक्त नराला. दगडावर चढायचं, पंखा उघडायचा, मादीला दाखवायचं आणि शेजारच्या नराला दमात घ्यायचं, एवढं त्याचं काम. पाऊस सुरू झाला, वीण आटोपली, की रंगही ओसरतो. अमेरिकेत अनोल नावाच्या सरड्यांनाही असाच गळ्याचा पंखा असतो. ते घराणं वेगळं, खंड वेगळा, युक्ती मात्र तीच, आपापली शोधलेली.

विषारी आहे का?

नाही. चावला तर चिमटा बसेल, एवढंच. मुंग्या, किडे, टोळ हे त्याचं खाणं.

रंग बदलतो म्हणजे शॅमेलिऑन का?

नाही. शॅमेलिऑनचे डोळे वेगवेगळ्या दिशेला फिरतात, जीभ लांब सुटते, आणि चाल अशी की रिक्षाची वाट बघणाऱ्यालाही झोप येईल. हा बाण आहे.

दोन जाती एकाच माळावर असतील तर?

मारामाऱ्या होतात, आणि हे नीट अभ्यासलं गेलं आहे. सरडा डार्विनाय आणि सिटाना लॅटिसेप्स काही ठिकाणी एकत्र राहतात. दोघांच्या माद्या बघून ओळखता येत नाहीत इतक्या सारख्या, आणि नरांची दमबाजीची पद्धतही तीच. त्यामुळे परक्या जातीच्या नराशीही झुंज लागते, फुकाची. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात नरांना समोरासमोर आणून पाहिलं, एकत्र राहणाऱ्या ठिकाणचे आणि स्वतंत्र राहणाऱ्या ठिकाणचे. बदललेला निघाला तो फक्त लॅटिसेप्स. जिथे डार्विनायचा शेजार आहे तिथल्या लॅटिसेप्सचे इशारे आणि परक्याला ओळखण्याची पद्धत वेगळी झाली होती. डार्विनाय होता तसाच. कमजोराने जुळवून घ्यायचं, दांडग्याने नाही. वाड्यात भाड्याने राहिलेल्यांना हे समजावून सांगायची गरज नाही.

पवनचक्क्यांमुळे हे सरडे संपत चालले आहेत, खरं का?

उलट, चक्क्यांच्या भागात ते जास्त आहेत. पण घाईने आनंद मानू नका.

मारिया ठाकर, अमोद झांबरे आणि हर्षल भोसले या अभ्यासकांनी चाळकेवाडीच्याच सड्यावर काम केलं. ते २०१८ साली प्रसिद्ध झालं आणि जगभर गाजलं. इथल्या चक्क्या तेव्हा सोळा ते वीस वर्षं फिरत होत्या. त्याच सड्याचा चक्क्या असलेला भाग आणि नसलेला भाग त्यांनी ताडून पाहिला. चक्क्यांच्या भागात शिकारी पक्षी जवळपास चौपट कमी होते. वरून झडप घालणारा नाही, म्हणून सरड्यांची संख्या वाढली. त्यांच्या रक्तातलं ताणाचं संप्रेरक कमी निघालं आणि माणूस बराच जवळ गेला तरी ते पळेनात.

म्हणजे चैन? नाही. एवढ्याशा जागेत खाणारी तोंडं वाढली. सरडे हडकलेले निघाले आणि नरांच्या पंख्यातला निळा-केशरी फिका पडलेला होता. पातं फिरतं आकाशात आणि रंग उतरतो जमिनीवरच्या सरड्याचा. ही साखळी माणसाने आधी कल्पिली नव्हती. चक्की पक्ष्यांना आपटून मारते एवढंच तोवर बोललं जायचं. इथे दिसलं की ती सड्यावरचा सगळ्यांत वरचा शिकारीच हटवते आणि खालचं सगळं गणित हलतं.

मी पवनचक्क्यांच्या विरोधात नाही, आमच्या घरातही दिवे लागतात. पण 'पडीक माळ आहे, तिथे काय नुकसान होणार' हे वाक्य ऐकलं की मला आता गप्प बसवत नाही. सडा पडीक नसतो.

बघायला कधी, कुठे जायचं?

मार्चअखेर ते पहिला वळीव जोरात पडेपर्यंत. सकाळी ऊन चढायला लागलं की नर दगडावर येतात. गाडीतून उतरू नका, खिडकी हळू खाली करा. उभ्या माणसाला तो लांबूनच बिचकतो, गाडीला तेवढा नाही. उतरायचंच तर बसकण मारून सरका. पकडू नका, दगड उलटे करू नका. पाऊस सुरू होता होता मादी मातीत उकरून अंडी घालते आणि निघून जाते. सड्यावरची भुसभुशीत माती थोडीच असते आणि नेमक्या तिथेच लोक तंबू ठोकतात किंवा गाडी फिरवतात. सोबत पाणी न्या, वर सावली म्हणून मिळत नाही.

साताऱ्यात असं आणखी काही आहे का?

भरपूर. चाळकेवाडीच्याच सड्यावरून २००८ मध्ये जमिनीवर राहणाऱ्या एका पालीचं वर्णन झालं, तिचं नावच 'हेमिडॅक्टिलस साताराएन्सिस'. काससारख्या गर्दीच्या, २०१२ पासून जागतिक वारशाच्या यादीत असलेल्या पठारावरून २०१४ मध्ये एक छोटी, दिवसा हिंडणारी पाल नोंदली गेली: 'निमास्पिस गिरीआय', वरद गिरींच्या नावाने. फुलांचे सेल्फी काढणाऱ्या हजारो लोकांच्या पायाशीच ती होती. कोयनेच्या खोऱ्यातून २०१९ मध्ये 'निमास्पिस कोयनाएन्सिस' आली. या निमास्पिस पाली बोटाच्या दोन पेरांएवढ्या, बुबुळ गोल, दगडाच्या कपारीत. त्यांच्याबद्दल स्वतंत्र पान लिहायला हवं.

आमच्या जत तालुक्यातल्या शेतात असा सरडा आहे. नवी जात असू शकेल का? फोटोवरून सांगाल?

नवी जात फोटोवरून ठरत नाही. वर्णन छापावं लागतं, ज्यावरून वर्णन केलं तो नमुना संग्रहालयात कायमचा ठेवावा लागतो, आणि जवळच्या सगळ्या जातींशी तो ताडून बघावा लागतो. त्याला काही वर्षं जातात आणि वनखात्याची परवानगी लागते, तेव्हा स्वतः बरणीत भरायच्या फंदात पडू नका.

जीनस मात्र बऱ्याचदा फोटोवरून सांगता येतो. त्यासाठी पंखा उघडलेला नर हवा. मादीचा फोटो पाठवून 'जात सांगा' म्हणू नका, वर लिहिलंय तसं त्यांच्यापुढे तज्ज्ञही हात टेकतात. एक फोटो बाजूने, पंखा पूर्ण उघडा असताना. एक वरून, पाठीचा. गाव, तारीख आणि जमीन कशी आहे, मुरमाड की काळी, एवढं खाली लिहा. आणि कृपा करून एका तरी फोटोत मागचा पाय येऊ द्या. बोटं मोजायची असतात.